‘फ्री मेथॉडिस्ट’मधलं ‘फ्री’ कुठलं?

प्रश्न : यवतमाळ भागात ‘फ्री मेथॉडिस्ट चर्च’ असं नाव ऐकू येतं. यातलं ‘फ्री’ म्हणजे ‘स्वतंत्र’च ना? की (गमतीनं विचारतो) ‘फुकट’?

उत्तर : गमतीनं विचारलंत, पण ‘फुकट’च मुळाच्या जास्त जवळ आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर अमेरिकेतल्या बऱ्याच मेथॉडिस्ट (हा प्रोटेस्टंट ख्रिस्ती पंथ) चर्चांमध्ये बाकं भाड्यानं दिली जात, कुठे विकलीही जात. मोक्याचं बाक पैसेवाल्या कुटुंबाचं. ज्याची ऐपत नाही त्यानं मागे नाहीतर कडेला बसायचं. न्यूयॉर्क राज्यातले पाळक (चर्चचे धर्मगुरू) बेंजामिन टायटस रॉबर्ट्स यांना हे खपेना. १८५७ मध्ये ‘न्यू स्कूल मेथॉडिझम’ हा लेख लिहून त्यांनी स्वतःच्याच पाळकबंधूंना धारेवर धरलं. आधी समज मिळाली. मग दुसऱ्याच कुणी तो लेख पुन्हा छापून वाटला, आणि १८५८ मध्ये रॉबर्ट्सना मंडळीबाहेर, म्हणजे त्या चर्चसंघटनेबाहेर, काढलं. २३ ऑगस्ट १८६० रोजी पेकिन इथे (चीनमधलं नव्हे, न्यूयॉर्क राज्यातलं) नवी मंडळी उभी राहिली. तिची भूमिका अशी : ज्या कृपेचा आम्ही उपदेश करतो ती जशी विनामूल्य, तशीच आमची चर्चंही. बाकाला भाडं नाही.

‘फ्री’ला आणखीही पदर आहेत. यादवी युद्ध तोंडावर आलेलं, आणि ही मंडळी गुलामगिरीच्या उघड विरोधात. शिवाय गुप्त संघटनांच्या शपथा नकोत, म्हणजे फ्रीमेसन वर्ज्य. एका ‘फ्री’चं दुसऱ्या ‘फ्री’शी वाकडं! उपासना मोकळी असावी हाही आग्रह, पण तीत वाद्यांना कितीतरी दशकं मज्जाव होता. रॉबर्ट्स स्त्रियांना पाळकपदाची दीक्षा द्यावी म्हणून भांडले, १८९१ मध्ये त्यावर पुस्तकही लिहिलं. बायकांना पूर्ण दीक्षा मिळायला मात्र १९७४ उजाडलं.

‘स्वतंत्र’ म्हटलं की मूळ मंडळीतून फुटून निघालेली, एवढाच अर्थ लागतो. ती फुटली हे खरंच, पण नाव त्यावरून पडलेलं नाही. (जुन्या मंडळीनं १९१० मध्ये रॉबर्ट्स यांची पाळकपदाची सनद त्यांच्या मुलाकडे परत केली, रॉबर्ट्स १८९३ मध्येच वारले होते.)

या मंडळीचं वॉर्ड हे मिशनरी दांपत्य १८८१ च्या सुमारास हिंदुस्थानात आलं, आणि पुढे या मिशनचं बस्तान यवतमाळात बसलं. तेव्हापासून तिकडे नाव ‘फ्री मेथॉडिस्ट’ असंच रुळलंय, तेच ठेवावं. ‘मुक्त मेथॉडिस्ट’ लिहिलंत तर लोक प्रवेशअर्ज कुठे मिळतो म्हणून विचारतील.