अमेरिकेतल्या लहानशा गावालाही स्वतःचा अधिकृत ध्वज आणि मुद्रा असते का? आणि त्यांचे ध्वज एकसारखेच का दिसतात?

मुद्रा, म्हणजे गावाचा अधिकृत शिक्का, जवळजवळ प्रत्येकाची असते. ध्वज असेलच असं नाही. प्रश्नाच्या तपशिलात तुम्ही "ती मुद्रा टी-शर्टवर छापली तर चालते का" असंही विचारलंय, त्याकडे शेवटी येतो. मला ध्वज बघायचा जुना नाद आहे, त्यामुळे आधी मधल्या भागाबद्दल जरा ऐसपैस लिहितो.

मुद्रा हे कामकाजाचं साधन आहे. गाव रीतसर स्थापन झालं की कायद्याच्या दृष्टीने ते स्वतंत्र व्यक्ती होतं. करार करतं, कर्जरोखे काढतं, जमीन घेतं, विकतं. सही कुणा अधिकाऱ्याची असते, पण व्यवहार त्याचा नसून गावाचा आहे हे दाखवायला शिक्का लागतो. मॅसॅच्युसेट्सच्या कायद्यात तर प्रत्येक टाउनला मुद्रा असलीच पाहिजे, ती मतदानाने ठरली पाहिजे आणि टाउन क्लार्कच्या, म्हणजे गावाचं दप्तर सांभाळणाऱ्या अधिकाऱ्याच्या, ताब्यात राहिली पाहिजे असं कलमच आहे. इतर राज्यांत बहुधा गावाची कौन्सिल ठराव करून ती स्वीकारते. साचा ठरलेला: गोल आकार, कडेने गावाचं आणि राज्याचं नाव, स्थापनेचं साल, मध्ये चित्र. प्रमाणित प्रतींवर ती बरेचदा दाबयंत्राने उठवतात, म्हणजे शाई न लावता नुसता कागद वर येतो.

ध्वजाला असं काही काम नाही. तो नसला म्हणून गावाचा एकही कागद अडत नाही. त्यामुळे तो उशिरा येतो आणि आला की घाईत येतो. शताब्दी जवळ आली, संचलनात पुढे काहीतरी धरायचंय, राज्याच्या राजधानीतून मागणी आली, अशी कारणं असतात. बॉस्टनच्या स्टेट हाउसमध्ये 'ग्रेट हॉल ऑफ फ्लॅग्ज' नावाचं दालन आहे, तिथे मॅसॅच्युसेट्समधल्या गावांचे आणि शहरांचे ध्वज छतापासून टांगलेत. राज्यात अशा 351 नगरसंस्था आहेत. त्या दालनाचे फोटो शोधून बघा, तुमच्या 'एकसारखेच' या शब्दाला पुरावा मिळेल: एकरंगी कापड आणि मधोमध गोल मुद्रा, ओळीने.

कारण सरळ आहे. मुद्रा आधीच मंजूर झालेली, तिच्यावर वाद नाही, चित्रकाराला पैसे द्यायला नकोत. ती कापडावर चढवली की ध्वज झाला. त्यात अडवणारं कुणी नाही. इंग्लंडमध्ये गावाला अधिकृत चिन्ह हवं असेल तर अशी चिन्हं मंजूर करणाऱ्या, 1484 साली स्थापन झालेल्या कॉलेज ऑफ आर्म्स या संस्थेकडे जावं लागतं. अमेरिकेतली इन्स्टिट्यूट ऑफ हेरल्ड्री ही लष्कराची शाखा आहे, ती सैन्याच्या आणि संघ सरकारच्या चिन्हांची कामं बघते. गावांना विचारणारं कुणी नाही.

पण मुद्रा एका हाताच्या अंतरावरून वाचायची असते आणि ध्वज रस्त्यापलीकडून, तोही फडफडताना. लांबून त्या गोलातला नांगर, चर्च, नदी, साल, सगळं मिळून एक डाग दिसतो. शिवाय कापडाला दोन बाजू असतात. साधं एकेरी कापड असेल तर मागून गावाचं नाव उलटं दिसतं. ध्वजांचे शौकीन या प्रकाराला 'चादरीवरची मुद्रा' म्हणून हिणवतात, आणि मला त्यात काही अन्याय वाटत नाही. आराखडा करणाऱ्यांना ते एक साधी युक्ती सांगतात: कागदावर एक इंच उंच आणि दीड इंच लांब चौकट काढा आणि तेवढ्यातच ध्वज बसवा. लांबून तो जवळपास तेवढाच दिसतो. त्या चौकटीत जे काढता येत नाही, ते ध्वजावर असून उपयोग नाही.

उत्तर अमेरिकेतल्या ध्वजशास्त्र संघटनेने ('नावा' या नावाने ओळखतात) 2004 मध्ये 150 अमेरिकी शहरांच्या ध्वजांना गुण दिले. पहिली आली राजधानी वॉशिंग्टन, दुसरं शिकागो. शेवटचा क्रमांक आयडाहोमधल्या पोकाटेलोचा, दहापैकी दीड गुणसुद्धा भरले नाहीत. गंमत अशी की त्या ध्वजावर मुद्राही नव्हती. पांढऱ्या कापडावर 'प्राउड टू बी पोकाटेलो' अशी प्रचाराची ओळ, आणि शेजारी चक्क ट्रेडमार्कची खूण! नंतर गावाने समिती नेमली, लोकांकडून आराखडे मागवले आणि 2017 मध्ये डोंगरांची शिखरं असलेला नवा ध्वज स्वीकारला. तो चांगला आहे. मात्र गेल्या दहा वर्षांत बदललेले बरेच नवे ध्वज पाहताना वाटतं, की आता मुद्रेची जागा एका निळ्या लाटेने, एका डोंगराने आणि एका ताऱ्याने घेतली आहे. अजून काही वर्षांनी कुणीतरी "हे सगळे एकसारखेच का" असा प्रश्न टाकेल.

लहान गावाला हे झेपत नाही असं मात्र नाही. नॉर्वेतल्या नगरपालिकांच्या चिन्हांना फार दिवस कडक शिस्त होती: शक्यतो एकच आकृती आणि दोनच रंग. उत्तरेकडच्या कौटोकेइनो या जेमतेम तीन हजार वस्तीच्या पालिकेच्या चिन्हात निळ्यावर सामी या तिथल्या मूलनिवासी लोकांचा एक तंबू आहे, बस. तेच चिन्ह पत्रावर चालतं आणि काठीवरही.

मुद्रेच्या चित्राकडे कित्येक दशकं कुणी नीट बघतही नाही. मग कधीतरी ती मोठी होऊन गाडीच्या दारावर आणि संकेतस्थळावर येते, आणि लोक बघू लागतात. न्यूयॉर्क राज्यातल्या व्हाइट्सबरो या चार हजारांच्या आतल्या गावाच्या मुद्रेवर गावाचा संस्थापक ह्यू व्हाइट आणि ओनाइडा या मूलनिवासी जमातीतला एक पुरुष यांची झटापट आहे. गावाचं म्हणणं, ही मैत्रीतली कुस्ती. बघणाऱ्याला मात्र गोरा माणूस मूलनिवासीचा गळा आवळतोय असंच दिसायचं. सत्तरच्या दशकात हात गळ्यावरून खांद्यावर सरकवले, तरी फारसा फरक पडला नाही. जानेवारी 2016 मध्ये गावकऱ्यांचं मत घेतलं तेव्हा 157 विरुद्ध 55 असा कौल जुन्या मुद्रेच्या बाजूने लागला. देशभर टर उडाली, आणि पुढच्या वर्षी चित्र बदललंच. कुस्ती राहिली, पकड बदलली.

इलिनॉयमधल्या झायन शहराचं प्रकरण कोर्टात गेलं. ते 1901 मध्ये एका धर्मोपदेशकाने ख्रिस्ती वसाहत म्हणून वसवलं होतं, त्यामुळे मुद्रेवर क्रूस आणि 'ईश्वराचं राज्य आहे' अशा अर्थाचे शब्द होते. 1991 मध्ये संघ अपील न्यायालयाने, सरकारी चिन्हाने एका धर्माची बाजू घेतल्यासारखं होतं म्हणून, ती घटनाबाह्य ठरवली. त्याच निकालात रोलिंग मेडोज या दुसऱ्या गावाची मुद्राही गेली. तिच्यात चर्च आणि क्रूस होता, आणि ती 1960 मध्ये आठवीच्या वर्गातल्या एका मुलीने शाळेचं काम म्हणून काढलेली होती! शाळेतलं चित्र गावाची मुद्रा झालं आणि तीस वर्षांनी त्यावर तीन न्यायाधीश बसले. मला झायनपेक्षा या गावाची जास्त दया येते. झायनला निदान आपण काय म्हणतोय हे ठाऊक होतं.

आता टी-शर्ट. ध्वज छापायला सहसा कुणी हरकत घेत नाही. शिकागोचा ध्वज तर लोक अंगावर गोंदवून घेतात. मुद्रेचं तसं नाही. ती वापरली की कागद किंवा वस्तू गावाकडून आली असं वाटू शकतं, म्हणून अनेक ठिकाणी परवानगीशिवाय वापराला मनाई असते. कॅलिफोर्नियात मतदारांना फसवण्याच्या हेतूने प्रचारपत्रकावर शहराची मुद्रा छापणं हा गुन्हा आहे. तेव्हा छापण्याआधी त्या गावाचे नियम वाचा, किंवा क्लार्कच्या कार्यालयाला एक ईमेल टाका. ट्रेडमार्कच्या वाटेला मात्र जाऊ नका. संघ कायद्यानुसार नगरसंस्थेचा ध्वज किंवा चिन्ह ट्रेडमार्क म्हणून नोंदवता येत नाही, अगदी त्या नगरसंस्थेलाही नाही. ह्यूस्टन शहराने स्वतःच्याच मुद्रेसाठी तो प्रयत्न करून पाहिला आणि 2013 मध्ये अपिलात हरलं.