जक्कल सगळ्यांना माहितीये, शास्त्रीबुवा कुणाला?

प्रश्न : मी नोकरी सांभाळून क्राइम पॉडकास्ट करतो. आता पुण्यातल्या जोशी-अभ्यंकर खून खटल्यावर (१९७६-७७ मध्ये राजेंद्र जक्कल आणि त्याच्या कॉलेजातल्या मित्रांच्या टोळीने केलेले खून) सिरीज करायचीये, पण यूट्यूबवर सगळीकडे तेच किस्से फिरतायत. खरी माहिती कुठून काढू? आणि खुनांचं वर्णन किती करावं? मित्र म्हणतात लोकांना तेच ऐकायचं असतं. – एक वाचक, नाशिक

उत्तर : सुरुवात कोर्टाच्या निकालांपासून करा. सेशन्स कोर्टाने १९७८ मध्ये फाशी सुनावली, १९७९ ला हायकोर्टाने ती कायम केली, मग प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं आणि २७ नोव्हेंबर १९८३ ला येरवड्यात चौघांना फाशी झाली. सोबत जानेवारी १९७६ ते मार्च १९७७ चे पुण्यातले पेपर लायब्ररीत बसून वाचा, आणीबाणीचा काळ, अंधार पडला की दारं बंद आणि रस्ते ओस, ते वातावरण तिथेच सापडेल.

आता एक गोष्ट जी बहुतेक जण सांगतच नाहीत. त्या घरांच्या आत काय घडलं हे आपल्याला मुख्यतः सांगितलं कुणी? एक माफीचा साक्षीदार, म्हणजे टोळीतलाच, पण माफीच्या बदल्यात सरकारतर्फे साक्ष देणारा, आणि दुसरा फाशी झालेल्या चौघांतला मुनव्वर शाह, ज्याने तुरुंगात आत्मकथन लिहिलं. माफीच्या साक्षीदाराच्या बोलण्याला दुसऱ्या पुराव्याचा आधार कोर्टसुद्धा शोधतं, मग आपण का नको? म्हणून 'जक्कल तेव्हा म्हणाला' असं स्वतः तिथे हजर असल्यासारखं बोलू नका, 'साक्षीदाराने कोर्टात असं सांगितलं' म्हणा. ऐकणाऱ्याचा विश्वास त्यानेच बसतो.

वर्णनाचं म्हणाल तर गळा आवळून मारलं, एवढं पुरे. खरंच पुरे. तो वेळ गेलेल्या माणसांना द्या ना! दहा माणसं गेली, पहिला तर या टोळीच्याच कॉलेजातला मुलगा. भांडारकर रोडच्या बंगल्यातले काशिनाथशास्त्री अभ्यंकर ऐंशी ओलांडलेले, संस्कृत व्याकरणाच्या संज्ञांचा त्यांचा इंग्रजी कोश १९६१ ला बडोद्याहून निघाला. वडील वासुदेवशास्त्रींनी पतंजलीचं महाभाष्य मराठीत आणलं, त्याचा प्रस्तावना खंड काशिनाथशास्त्रींनी लिहिला. केवढं काम हे, आणि आपल्याकडे नाव कुणाचं पाठ, तर जक्कलचं! मला याचा मनापासून राग येतो. त्याच घरात पाच जण मारले गेले, त्यात घरकाम करणारी बाईही होती आणि तिला सगळे नुसतं 'मोलकरीण' म्हणून पुढे जातात. तुम्ही तिचं नाव घ्या, निकालात आहे ते.

आणि या कुटुंबांतली माणसं आजही असतील. थेट फोन करू नका, मोबाइल पुढे धरून दारात तर मुळीच उभे राहू नका. ओळखीच्या कुणामार्फत पत्र पाठवा, काय करताय ते स्पष्ट लिहा, उत्तर नाही आलं तर परत विचारू नका. घरचे फोटोही त्यांनी हो म्हटल्याशिवाय वापरू नका, भले ते नेटवर कुठेही पडलेले असोत.