'जीटीए ३' (ग्रँड थेफ्ट ऑटो ३) या व्हिडिओ गेममधलं डार्केल हे पात्र ९/११ च्या हल्ल्यामुळेच काढलं का?

नाही. ही समजूत फार पसरली आहे, पण गेम बनवणाऱ्या रॉकस्टार कंपनीने २०११ मध्ये, गेमला दहा वर्षं झाली तेव्हा, स्वतःच खुलासा केला होता की डार्केल हल्ल्याच्या काही महिने आधीच गळला होता.

हल्ल्यानंतर बदल झाले, पण थोडे. रॉकस्टारच्या म्हणण्यानुसार दहशतवाद्यांचा उल्लेख असलेलं एक मिशन गेलं, रेडिओवरचे आणि रस्त्यावरच्या लोकांचे काही संवाद कापले, विमानाचा मार्ग बदलला. गेम येण्याआधीच्या चित्रांत पोलिसांच्या गाड्या न्यूयॉर्कसारख्या निळ्या-पांढऱ्या दिसतात, विक्रीला आलेल्या गेममध्ये काळ्या-पांढऱ्या.

गोंधळ होण्याचं कारण साधं आहे. डार्केलचे अवशेष गेमच्या फाइलींत राहिले. गेम तयार होताना पात्राचं चित्र, नाव, कोड सगळं एकमेकांत गुंतलेलं असतं. शेवटच्या आठवड्यांत ते उपसून काढलं तर दुसरंच काहीतरी मोडण्याची भीती, म्हणून नुसतं बंद करून ठेवतात. मग कुणीतरी फाइली उघडतं आणि तारखा जुळवून गोष्ट रचतं.

मला स्वतःला या उरलेल्या तुकड्यांचं फार अप्रूप वाटतं. लिबर्टी सिटी, म्हणजे गेममधलं शहर, आधी कशी कल्पिली होती, ते त्यांतूनच दिसतं. आणि हो, गेममधल्या डोडो विमानाचे आखूड पंखही हल्ल्यानंतर कापलेले नाहीत, ते आधीपासून तसेच होते.