'हलकी पलटण' म्हणावं का?

धरणगाव तालुक्यातल्या एका शाळेत गावाच्या इतिहासाचं प्रदर्शन भरलं होतं. त्याचे फलक लिहिणाऱ्या शिक्षकांचा प्रश्न आला आहे. जेम्स आउट्रम या इंग्रज अधिकाऱ्याने १८२५ साली खानदेशात भिल्लांची जी तुकडी उभी केली, तिच्यावर एक फलक होता. इंग्रजी मजकुरात तिला 'लाइट इन्फंट्री' म्हटलेलं, म्हणून यांनी मराठीत लिहिलं, 'भिल्लांची हलकी पलटण'. प्रदर्शन बघायला आलेले एका विद्यार्थ्याचे वडील त्या फलकापाशी थांबले, दोनदा वाचलं आणि म्हणाले, "सर, आमले हलका म्हनतस का?" फलक त्याच दिवशी खाली उतरला. शिक्षक विचारतात, भाषांतर चुकलं का? आणि चुकलं असेल तर या 'लाइट'ला मराठीत काय म्हणायचं?

भाऊ, चुकलं. फलक उतरवलात ते फार बरं केलंत. कोणताही इंग्रजी-मराठी कोश उघडला तर 'लाइट'समोर 'हलका' सापडेल, त्यामुळे तुमच्या हातून हे का झालं ते समजतं. पण त्या वडिलांचं मराठी तुमच्या कोशापेक्षा पक्कं होतं.

'हलका' हा शब्द वस्तूला लागला की निरुपद्रवी असतो. हलकी पिशवी, हलका आहार, हलक्या हाताने मळलेलं पीठ. मन हलकं झालं म्हणताना तर तो सुखाचाच शब्द आहे. माणसाला किंवा माणसांच्या समूहाला लागला की मात्र तो पालटतो. हलक्या कानाचा, हलक्या मनाचा, हलक्या जातीचा, आणि शेवटी हलकट. आपल्या खानदेशात तर जमिनीलासुद्धा हा शब्द असाच लागतो. तापीकाठची काळी जमीन ती भारी, आणि माळावरची मुरमाड, पाणी न धरणारी ती हलकी. इथे भारी म्हणजे चांगलं आणि हलकं म्हणजे कमी प्रतीचं, हे लहान पोरालाही शिकवावं लागत नाही. 'पलटण' हा शब्द माणसांचा आहे. त्यातून पुढे 'भिल्लांची' आहे, म्हणजे ज्या समाजाने हा शब्द पिढ्यान्‌पिढ्या शिवीसारखा ऐकला त्याचं नाव. मग 'हलकी' चा अर्थ 'ओझं नसलेली' असा कोण वाचेल?

गंमत अशी की हा शब्द मुळात वेगाचा आहे. संस्कृत 'लघु'चं प्राकृतात 'लहु' झालं, अक्षरांची अदलाबदल होऊन 'हलु' झालं, आणि त्यातून मराठीत दोन शब्द आले, 'हलका' आणि 'हळू'. त्याच 'लघु'चं वेदातलं जुनं रूप 'रघु', आणि त्याचा अर्थ वेगवान, चपळ. इंग्रजीतला वजनाचा 'लाइट'सुद्धा याच कुळातला, आपला दूरचा भाऊबंद. एकाच मुळातून निघून 'रघु' धावत राहिला, आणि मराठीत येईपर्यंत 'हळू' म्हणजे सावकाश झालं. मला या प्रवासाचं फार अप्रूप वाटतं. आणि तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथेच आहे: लाइट इन्फंट्रीतला 'लाइट' हा हलका नाही, तो रघु आहे.

हे पटायला त्या सैन्यप्रकाराचा इतिहास थोडा बघावा लागेल. अठराव्या शतकात युरोपातलं मुख्य पायदळ खांद्याला खांदा लावून रांगेत उभं राहायचं, हुकमासरशी बंदुका झाडायचं आणि रांग न मोडता पुढे सरकायचं. मैदानात हे चालतं. रान, डोंगर, ओढे आले की रांग तुटते आणि रांगेबाहेर काय करायचं हे त्या शिपायाला कोणी शिकवलेलंच नसतं. म्हणून जर्मन राजांनी आपल्या जंगलांतले रखवालदार आणि शिकारी गोळा करून वेगळ्या तुकड्या केल्या. त्यांना नाव दिलं 'येगर', म्हणजे सरळ 'शिकारी'. फ्रेंचांनी तशाच तुकड्यांना 'शासर' म्हटलं, पोर्तुगीजांनी 'कासादोर'. या दोन्हींचा अर्थही शिकारीच. तिन्ही भाषांनी नाव ठेवताना वजनाकडे बघितलं नाही, माणसाच्या कसबाकडे बघितलं. इंग्रजीने मात्र 'लाइट' म्हणून ओझ्यावर बोट ठेवलं, आणि आपण मराठीत नेमका तोच शब्द उचलला.

इंग्रजांना हा धडा उत्तर अमेरिकेच्या जंगलात १७५५ नंतरच्या लढायांत मिळाला. पुढे १८०३ साली सर जॉन मूर या ब्रिटिश सेनानीने इंग्लंडातल्या शॉर्नक्लिफच्या छावणीत या शिपायांना पद्धतशीर शिकवायला घेतलं. जोडीजोडीने लढायचं, एकाने बार काढायचा तेव्हा दुसऱ्याने बंदूक भरून तयार राहायचं. आडोसा स्वतः शोधायचा. हुकमाची वाट न बघता डोकं वापरायचं. फटक्यांच्या धाकापेक्षा शिपायाच्या स्वाभिमानावर भर द्यायचा. ढोलाचा आवाज पांगलेल्या माणसांपर्यंत पोचत नाही, म्हणून इशारे बिगुलावर आले. लाइट इन्फंट्रीच्या बिल्ल्यांवर आजही शिकाऱ्याचं शिंग दिसतं ते यामुळे. ब्रिटिश लाइट इन्फंट्रीची चालही निराळी, मिनिटाला १४० पावलं, साध्या पायदळापेक्षा वीसेक पावलं जास्त. नेपोलियनशी स्पेन-पोर्तुगालमध्ये झालेल्या युद्धात ही माणसं आघाडीला सगळ्यांच्या पुढे आणि माघारीत सगळ्यांच्या मागे असत. यांच्यासाठी माणूस निवडून घ्यावा लागे. त्यामुळे 'लाइट इन्फंट्री' हे हळूहळू मानाचं बिरुद झालं.

त्याचं उदाहरण आपल्या घरातलंच आहे. मुंबईच्या लष्करातली पाचवी पलटण, जिला शिपाई 'काली पांचवी' म्हणत, तिने १८४० साली बलुचिस्तानात काहानचा किल्ला महिनोन्‌महिने वेढ्यात लढवला. त्याबद्दल १८४१ साली तिला 'लाइट इन्फंट्री' ही पदवी बक्षीस मिळाली. हीच पदवी १९२२ च्या पुनर्रचनेत सगळ्या मराठा पलटणींना मिळाली, आणि आजची बेळगावची मराठा लाइट इन्फंट्री त्या नावाने उभी आहे. तिला 'मराठ्यांची हलकी पलटण' म्हणायला कोणाची जीभ रेटेल का? मग भिल्लांच्या पलटणीबाबतच ती का रेटावी? तुमच्या मनात तसं काही नव्हतं हे मी जाणतो. तरी फलक लिहिताना ही कसोटी लावून बघत जा: हाच शब्द आपल्या माणसाला लावला असता का?

आता मराठी शब्दाकडे. तो आहे, जुना आहे आणि याच अर्थाने घडलेला आहे: 'सडा'. मराठेशाहीतल्या पत्रांत आणि बखरींत 'सडी फौज', 'सडे स्वार', 'बुणगे मागे ठेवून सडे होऊन जाणे' अशी भाषा असते. बुणगे म्हणजे तंबू, बाजार, बायकामुलं, सामानसुमान. फारसी 'बुनगाह' वरून आलेला शब्द. ते सगळं मागे टाकून निघालेला तो सडा. आज हा शब्द 'सडाफटिंग' मध्ये तेवढा जिवंत राहिला आहे, मागे पाश नसलेला माणूस या अर्थाने. दारात शिंपतात तो सडा आणि कोकणात जांभ्याच्या पठाराला म्हणतात तो सडा, यांच्याशी याची गल्लत करू नका.

खानदेशाने सडी फौज प्रत्यक्ष बघितली आहे. १७२७-२८ च्या मोहिमेत पहिले बाजीराव जालन्याकडून खानदेशात शिरले, बुऱ्हाणपूर लुटणार अशी हूल उठवली, गुजरातेत गेले आणि पुन्हा खानदेशातून खाली उतरले. तोफांच्या ओझ्याने जड झालेली निजामाची फौज मागे दमत राहिली आणि फेब्रुवारी १७२८ मध्ये पालखेडला पाण्यावाचून कोंडली गेली. ते घोडदळ होतं, पायदळ नव्हे. पण 'लाइट' या कल्पनेचा मराठी अर्थ यापेक्षा स्पष्ट कुठे दिसणार नाही. आणि बुणगे सोडता आले नाहीत तर काय होतं, हे १७६१ ला पानिपतावर दिसलं.

एक अडचण आहे, ती लपवत नाही. आजचं पोरगं 'सडी पलटण' वाचून 'सडकी' समजण्याची भीती आहे. एका अपमानातून निघून दुसऱ्यात पडायला नको. म्हणून माझं मत असं: इतिहासाच्या लेखात, जिथे दोन वाक्यांत अर्थ सांगता येतो, तिथे खुशाल 'सडं पायदळ' लिहा. फलकावर, जिथे माणूस उभ्या उभ्या वाचतो, तिथे 'चपळ पायदळ' लिहा. आणि पलटणीचं अधिकृत नाव असेल तिथे 'लाइट इन्फंट्री' तसंच ठेवा. विशेषनामाचं भाषांतर करू नये. 'लघु पायदळ' असंही कुणी सुचवेल. ते नको, त्याने संख्येने लहान असा समज होतो.

'पलटण' मात्र निर्धास्त वापरा. इंग्रजीतल्या 'बटालियन' किंवा 'प्लॅटून' पासून तो आला असं मानतात, पण आता तो इतका आपला झाला आहे की घरातल्या पोरांच्या घोळक्यालाही आपण पलटणच म्हणतो.

शेवटी धरणगावच्या पलटणीबद्दल, कारण फलकावर शब्दाइतकाच मजकूरही नीट हवा. १८१८ साली खानदेश इंग्रजांकडे आला. डोंगरातले घाट राखण्याबद्दल भिल्ल नाइकांना जे हक्क मिळत होते ते आधीच्या धामधुमीत विस्कटले होते. सातपुडा आणि सातमाळ्यातले भिल्ल लढत राहिले. नुसत्या फौजा पाठवून इंग्रजांचं काही चाललं नाही. तेव्हा माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन मुंबईचा गव्हर्नर असताना धोरण बदललं, आणि बावीस वर्षांच्या आउट्रमला भिल्लांचीच पलटण उभारायला पाठवलं. सुरुवातीला कोणी विश्वास ठेवेना. तो त्यांच्यात राहिला, त्यांच्याबरोबर वाघाच्या शिकारीला गेला, आणि माणसं येत गेली. 'येगर' म्हणजे शिकारी, हे इथे पुन्हा आठवा. रान वाचणारा, माग काढणारा, आडोशाने सरकणारा माणूस युरोपातल्या राजांना शोधून शिकवावा लागला. इथे तो सातपुड्यात आयता होता. आउट्रमने कवायत शिकवली, बाकीचं त्यांचं त्यांच्याकडेच होतं. धरणगाव हे या 'खानदेश भिल्ल कोअर'चं ठाणं झालं. पुढे मेवाडात खेरवाड्याला १८४१ साली तशीच भिल्ल पलटण निघाली.

ही पलटण इंग्रजांनी बंडखोर भिल्लांना आवरण्यासाठी उभारली होती, हेही फलकावर यायला हवं. १८५७-५८ मध्ये सेंधव्याच्या घाटाचा रखवालदार खाज्या नाईक इंग्रजांविरुद्ध उठला आणि एप्रिल १८५८ मध्ये आंबापाणीला मोठी लढाई झाली. तुमच्या विद्यार्थ्यांना दोन्ही बाजूंचे भिल्ल माहीत असू द्या. 'नाईक' या शब्दावर एक ओळ जरूर टाका. सभासदाच्या बखरीत शिवाजी महाराजांच्या पायदळाची रचना दिली आहे, तिथे दहा माणसांवरचा अंमलदार तो नाईक. आजच्या भारतीय सैन्यातही नाईक हा हुद्दा आहे. आणि भिल्लांमध्ये जमावाचा म्होरक्या तोही नाईकच.

मजकूर असा करता येईल: 'खानदेश भिल्ल कोअर, धरणगाव. स्थापना १८२५. डोंगर-रानात वेगाने हालचाल करणारं भिल्लांचं निवडक चपळ पायदळ. (जुन्या मराठीत अशा फौजेला सडी फौज म्हणत.)' लावण्याआधी त्या वडिलांना एकदा दाखवा आणि त्यांनी सुचवलेला बदल करा.