तस्करीतून मुलींची सुटका करणारे कार्यकर्ते नेमकं काय काम करतात? मला धाडींमध्ये सहभागी व्हायचंय, एमएसडब्ल्यूचं शेवटचं वर्ष आहे.

धाड हा या कामातला सगळ्यात छोटा भाग. ती पोलिसांची आहे, त्यांनाच करू द्या. मी सांगली-मिरज भागात हे काम करते आणि आमचे बहुतेक दिवस कागद गोळा करण्यात जातात.

एक प्रकरण सांगते. मिरजेतल्या एका लॉजवरून पोलिसांनी एक मुलगी सोडवली. जत तालुक्यातली, घरी कानडी बोलणारी. घरकाम देते सांगून ओळखीतल्याच बाईनं आणलेली. आधारकार्डावर वय १९, तेही त्या बाईनंच जन्मतारीख बदलून घेतलेलं. आरोपीच्या वकिलाचा सगळा जोर त्या कार्डावर. मुलगी अठराच्या आतली ठरली तर पोक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा कायदा, लागतो, मग तिची संमती होती का नव्हती हा प्रश्नच उरत नाही. आणि वय ठरवायचं तर २०१५ च्या बाल न्याय कायद्याचं कलम ९४ सांगतं, आधी शाळेचा दाखला, तो नसेल तर जन्मदाखला, दोन्ही नसतील तरच हाडांची तपासणी. म्हणजे शाळा गाठणं आलं.

बालकल्याण समितीचं पत्र घेऊन एसटीनं गेले. मुख्याध्यापक आधी टाळत होते. "मॅडम, आम्हाला याच गावात नोकरी करायची आहे." पत्र नीट वाचल्यावर उठले, लोखंडी कपाटातून जुनं जनरल रजिस्टर काढलं. कडांना कसर लागलेली, पण तिची ओळ शाबूत. जन्मतारीख अंकी आणि अक्षरी, दोन्ही रकान्यांत एकच, कुठे खाडाखोड नाही. मी बोट ठेवून वाचली, मग त्यांनी मोठ्यानं वाचली. मुलगी सोळाची होती. सही-शिक्क्याची नक्कल मिळाली आणि त्या नकलेवर केस उभी राहिली. धाडीचं कौतुक करणाऱ्यांना हा कागद कधी दिसत नाही.

पण तोवर दुसरीकडे घात झाला होता. धाडीला बाहेरची एक संस्था आली होती. तिच्या पदाधिकाऱ्यानं, ओढणीनं तोंड झाकलेल्या त्या पोरीला शेजारी उभी करून फोटो काढला. तो व्हॉट्सअॅपवर फिरला. तोंड झाकलेलं, पण हातावरचं गोंदण उघडं. गावानं ओळखलं. बाप म्हणाला, "आता तिला आणू नका, धाकटीचं लग्न व्हायचंय." पोर बालगृहात राहिली, अठरा पूर्ण झाल्यावर अनुरक्षणगृहात गेली.

मी त्या पदाधिकाऱ्यांना तोंडावर विचारलं. म्हणाले, "फोटो नसेल तर देणगी कोण देणार?" हे मला तेव्हा पटलं नाही, आजही पटत नाही. त्याच बाल न्याय कायद्याचं कलम ७४ वाचा. नाव, पत्ता, शाळा, ओळख पटेल असं काहीही उघड करायला मनाई आहे, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. देणगी हवी तर हिशेब दाखवा. वकिलाची फी, पोरींना घेऊन दिलेल्या शिलाई मशीनची बिलं दाखवा. पोरगी दाखवायची नाही.

हे सगळं अल्पवयीन मुलींबद्दल बोलतेय. सज्ञान बाईला आधी विचारायचं, तिला बाहेर पडायचंय का. २०२२ साली बुद्धदेव कर्मासकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट सांगितलंय, पोलिसांनी धंदा करणाऱ्या बायकांशी सन्मानानं वागायचं, शिवीगाळ-मारहाण करायची नाही. स्वेच्छेनं धंदा करणाऱ्या सज्ञान बाईला धाडीत अटक करू नये, ही त्या प्रकरणात न्यायालयानं नेमलेल्या समितीची शिफारस. सांगलीत तर वेश्या अन्याय मुक्ती परिषदेच्या बायका १९९६ पासून संघटित आहेत. वस्तीत नवी, कोवळी पोर कुणी आणली हे आधी त्यांना कळतं. त्यांचा विश्वास गमावून इथे काम होत नाही.

तुम्ही जिल्हा बाल संरक्षण कक्षात फील्डवर्क मागून घ्या. या भागात यायचं असेल तर कानडी शिका, जतकडची पोर मराठीत मोकळी बोलत नाही. संशय आला तर १०९८ या मुलांसाठीच्या हेल्पलाइनला किंवा ११२ ला फोन करा, स्वतः दार ठोठावायला जाऊ नका. आणि संस्था निवडताना आधी तिचं फेसबुक पान उघडून बघा. सोडवलेल्या पोरी साहेबांच्या शेजारी उभ्या दिसल्या तर तिथे अर्ज करू नका.