नोटिशीत माझं नाव आहे, नोकरी जाईल का?

मी वकील. सहकारी संस्थेतल्या भरतीची तक्रार घेऊन माझ्याकडे येतात ते बहुधा डावललेले उमेदवार. महेश (नाव बदललंय) उलट्या बाजूने आला. पतसंस्थेत लिपिक म्हणून लागून दीड वर्ष झालेलं, लग्न ठरलेलं, आणि हातात उच्च न्यायालयाची नोटीस. निवडयादीत त्याच्या खाली राहिलेल्या मुलीने याचिका केली होती. महेश प्रतिवादी क्रमांक 4. "मॅडम, गेली ना नोकरी?" खुर्चीत बसायच्या आधीच त्याने विचारलं. आठ दिवस धड झोप नव्हती, घरी कुणाला पत्ता नव्हता.

आधी नोटीस मोठ्याने वाचायला लावली. माणूस नोटीस म्हटलं की घाबरतो, मजकूर वाचायचा राहूनच जातो. त्याला म्हटलं, तुझं नाव आहे हे बरंच आहे. ज्याची नेमणूक रद्द करायला सांगितली आहे, त्याचं म्हणणं कोर्टाने ऐकावं म्हणून त्याला पक्षकार करावं लागतं. तुला बोलायची संधी मिळाली आहे, ती तारीख चुकवू नकोस.

संस्थेच्या वकिलांनी त्याला धीर दिला होता, "सहकारी संस्था म्हणजे सरकार नव्हे, रिट चालणारच नाही." रिट म्हणजे थेट उच्च न्यायालयात, मुख्यतः सरकारविरुद्ध करायची याचिका. त्यांचं म्हणणं अर्धं खरं. केरळमधल्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा संस्था सर्वसाधारणपणे 'राज्य', म्हणजे सरकारचा भाग, ठरत नाहीत असंच म्हटलंय. पण कायद्याने घातलेलं बंधन मोडलं असेल तर उच्च न्यायालयाचं दार अगदीच बंद नसतं. सहकार न्यायालयात, महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 91 खाली जावं म्हटलं तर तिथेही वाद: नोकरांच्या सेवाशर्ती हा संस्थेच्या 'कामकाजा'चा विषय नाही, असं 1969 पासूनचं निकालपत्र समोर येतं. म्हणून दार कोणतं यावरच पुष्कळ तारखा जातात. महेशला यात सुटका दिसत होती. मला दिसत नव्हती. ती मुलगी दुसऱ्या दाराने येऊ शकली असती.

मग कागद मागवले: जाहिरात, सेवानियम, गुणतक्ता, मुलाखत समितीचं इतिवृत्त. पुढच्या भेटीत तो घेऊन आला. जाहिरात निघालेली, लेखी परीक्षा झालेली, पात्रता बरोबर. लेखीत त्याला 50 पैकी 31, तिला 41. मुलाखतीत त्याला 50 पैकी 46, तिला 20.

मी काहीच बोलले नाही. थोड्या वेळाने तोच म्हणाला, "समितीत माझे मामा होते."

इतिवृत्तावर मामांची सही होती. भाच्याच्या मुलाखतीच्या वेळी ते बाहेर गेले, अशी नोंद कुठेच नव्हती. तिला हे नातं मुलाखतीच्या वेळी माहीत असतं आणि तरी ती गप्प बसली असती, तर ते तिच्या विरुद्ध वापरता आलं असतं. पण तिला नंतर कळलं होतं.

"दीड वर्ष प्रामाणिकपणे काम केलं, ते धरणार नाहीत?" तामिळनाडूतल्या सहकारी संस्थांच्या प्रकरणात 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलंय की कायद्याची पद्धत डावलून झालेली नेमणूक नुसती वर्षं भरली म्हणून पक्की होत नाही. महेशचं प्रकरण तितकं वाईट नव्हतं. जाहिरात होती, परीक्षा होती. डाग होता तो मुलाखतीवर. अशा वेळी फक्त मुलाखती पुन्हा घ्या, असाही आदेश होऊ शकतो. निवडयादीत नाव असणं म्हणजे नेमणुकीचा हक्क नव्हे, हे 1991 पासून ठरलेलं आहे, आणि ते तिलाही लागू. ती जिंकली तरी नेमणूकपत्र थेट तिच्या हातात पडेलच असं नाही.

मी त्याला दोनच गोष्टी आग्रहाने सांगितल्या. वकील वेगळा कर. उद्या संचालक मंडळ अंग झटकून 'आम्ही मुलाखती पुन्हा घेतो' म्हणालं, तर त्यांचा वकील तुझ्या बाजूने कसा बोलेल? आणि प्रतिज्ञापत्रात मामांचं नातं लपवू नकोस. ती ते सिद्ध करणारच आहे. तू आधी सांगितलंस तर निदान खोटं बोलल्याचा ठपका तरी येणार नाही.

नातं त्याने दोन ओळींत लिहिलं. मामा महिनाभर बोलले नाहीत. घरी आणि सासरी त्याने स्वतःच सांगितलं. लग्न ठरल्या तारखेला झालं. याचिका अजून प्रलंबित आहे. परवा फोनवर विचारत होता, मुलाखत पुन्हा झाली तर काय वाचून जाऊ?