जहाजावर चढण्यापूर्वी वाचायचा इतिहास

सोलापूर

प्रिय विद्यार्थ्यास,
अनेक आशीर्वाद.

तुझे सविस्तर पत्र मिळाले. बारावीनंतर मर्चंट नेव्हीत जाण्याचा तुझा विचार आहे, घरी त्याला विरोध आहे आणि तांबड्या समुद्रातील हल्ल्यांच्या बातम्यांनी तो विरोध वाढला आहे, हे कळले. युद्धाच्या दिवसांत ही नोकरी धरावी का, असे तू मला विचारतोस. त्याचे होय किंवा नाही असे उत्तर मी देणार नाही. मात्र या नोकरीचा इतिहास निर्णयापूर्वी तुला माहीत असावा, कारण व्यापारी खलाशाचे बरेवाईट समुद्राइतकेच त्याच्या करारातील कलमांवर ठरत आले आहे, असे माझे मत आहे.

सोलापूरच्या माणसाचा समुद्राशी काय संबंध, हा तुझ्या वडिलांचा प्रश्न आधी निकालात काढतो. वालचंद हिराचंद यांचा जन्म १८८२ सालचा, याच गावातला. त्यांनी नरोत्तम मोरारजी प्रभृतींबरोबर सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनी उभारली आणि तिचे ‘लॉयल्टी’ हे जहाज ५ एप्रिल १९१९ रोजी मुंबईहून लंडनला निघाले. आज तोच दिवस राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो. पहिल्या महायुद्धात जखमी सैनिकांसाठी इस्पितळ म्हणून वापरलेले हे जहाज शांतता होताच हिंदी मालकीची व्यापारी बोट झाले. ब्रिटिश कंपन्यांनी दर पाडून सिंदियाला जेरीस आणले आणि १९२३ च्या करारान्वये तिला परदेशी मार्ग सोडून किनारी वाहतुकीपुरते राहावे लागले. विशाखापट्टणमच्या जहाजबांधणी कारखान्याची पायाभरणी १९४१ मध्ये झाली, पुढच्याच वर्षी एप्रिलमध्ये त्या शहरावर जपानी बॉम्ब पडले, आणि तेथे बांधलेले ‘जलउषा’ १९४८ च्या मार्चमध्ये पाण्यात उतरले. वालचंदांचा आपल्याला सार्थ अभिमान आहे, पण ती लढाई जहाजमालकांची होती. जहाजावर राबणाऱ्यांची लढाई वेगळी होती आणि तिच्याविषयी आपल्या गावात कोणी बोलत नाही.

ब्रिटिश कागदपत्रांत हिंदी खलाशाला ‘लास्कर’ म्हणत. पहिले महायुद्ध सुरू झाले तेव्हा ब्रिटिश व्यापारी जहाजांवर असे सुमारे ५०,००० लोक होते. मुंबईहून सुटणाऱ्या जहाजांवर डेकवर सारंग (खलाशांचा मुकादम), तांडेल (त्याच्या हाताखालचा), सुखाणी (सुकाणू धरणारा) आणि खलाशी असत, त्यांत रत्नागिरीकडचे कोकणी मुसलमान पुष्कळ; खाली बॉयलरपाशी कोळसा ओढणारे आगवाले बहुधा पंजाबी आणि पठाण; जेवणघरात गोव्याचे लोक. त्यांची भरती सारंगामार्फत होई, त्यामुळे नोकरी मिळवायची तर त्याचे हात ओले करावे लागत आणि पगारातून कर्ज फिटता फिटत नसे. करारही वेगळा. त्याच जहाजावरच्या गोऱ्या नाविकाच्या तुलनेत पगार अगदी थोडा आणि झोपायला कायद्यानेच निम्म्याहून कमी जागा. मी स्वतः इंजिनरूममध्ये नोकरी केलेली असल्याने आगवाल्यांचा विचार मनातून जात नाही, कारण पाण्याच्या पातळीखाली काम करणाऱ्याला टॉर्पेडो लागल्यावर शिडी चढून वर येण्याइतका वेळही अनेकदा मिळत नसे.

३ सप्टेंबर १९३९ रोजी ब्रिटनने युद्ध पुकारले आणि त्याच संध्याकाळी ‘अथेनिया’ या प्रवासी बोटीवर जर्मन पाणबुडीने टॉर्पेडो डागला. म्हणजे युद्धाच्या पहिल्याच दिवशी व्यापारी जहाजावरचे लोक मेले. त्याच महिन्यात ब्रिटिश बंदरांतील हिंदी खलाशांनी वाढीव पगार आणि युद्धभत्ता मिळाल्याशिवाय जहाज हलणार नाही असे सांगितले. शेकडो जणांना तुरुंगात टाकण्यात आले, तरी वेतनवाढ द्यावीच लागली. या संपाला कोणी देशद्रोह म्हणाले असेल. मला तो अत्यंत समंजस व्यवहार वाटतो. ज्याला गणवेश नाही, हुद्दा नाही आणि सैनिकाचे निवृत्तिवेतनही नाही, त्याने जोखमीची किंमत आधी ठरवून घ्यायची नाही तर कधी? ब्रिटिश नाविकाची अवस्थाही फार निराळी नव्हती. जहाज बुडाले की त्या जहाजावरचा त्याचा करार संपत असे. सलग नोकरीची आणि पगाराची हमी त्याला मे १९४१ मध्ये, हजारो माणसे गेल्यानंतर मिळाली.

सप्टेंबर १९४० मध्ये ‘सिटी ऑफ बनारस’ या बोटीतून इंग्लंडमधील ९० मुलांना सरकारी योजनेखाली सुरक्षिततेसाठी कॅनडाला पाठवले जात होते. अटलांटिकमध्ये पाणबुडीने ती बुडवली आणि त्यांपैकी ७७ मुले दगावली. या मुलांविषयी पुष्कळ लिहिले गेले, आणि ते योग्यच झाले. त्याच बोटीवरचे शंभराहून अधिक हिंदी खलाशी त्या रात्री आणि नंतरच्या दिवसांत थंडीने व पाण्याने गेले, त्यांचा उल्लेख बहुधा एका ओळीत आटोपतो. त्या बोटीची एक जीवरक्षक होडी आठ दिवस भरकटत राहून अखेर सापडली. तिच्यात काही मुलांबरोबर बहुसंख्य हिंदी खलाशीच होते.

आपल्या डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचे घर तू पाहिले आहेस. १९३८ च्या सप्टेंबरमध्ये वैद्यकीय पथकाबरोबर मुंबईहून चीनकडे जाताना ते ज्या ‘राजपुताना’ बोटीवर चढले, तिच्यावरूनच १९३१ मध्ये गांधीजी गोलमेज परिषदेला गेले होते. युद्ध सुरू झाल्यावर या बोटीवर तोफा चढवून तिला व्यापारी जहाजांच्या काफिल्यांच्या रक्षणाला लावण्यात आले, आणि एप्रिल १९४१ मध्ये आइसलँडजवळ ती बुडवली गेली. व्यापारी जहाज युद्धात किती सहज ओढले जाते, याचे सोलापूरकराला याहून जवळचे उदाहरण मिळणार नाही. मुंबईच्या गोदीत १४ एप्रिल १९४४ रोजी स्फोट होऊन शेकडो लोक मेले, ते ‘फोर्ट स्टिकिन’ही मालवाहू जहाजच. त्यात सुमारे १,४०० टन दारूगोळा होता आणि कराचीत त्याच जहाजावर कापसाच्या गाठी चढवल्या होत्या. कापूस किती चटकन पेटतो हे गिरणगावच्या माणसाला मी सांगायला नको.

लंडनच्या टॉवर हिलवर थडगे न मिळालेल्या व्यापारी नाविकांची हजारो नावे कोरलेली आहेत. दुसऱ्या महायुद्धातील आपल्या लोकांची नावे मुंबईत मस्जिद बंदरच्या खलाशीगृहातील आणि चितगावमधील नोंदवह्यांत आहेत, सहा हजारांच्या आसपास. मुंबईला गेलास तर ती वास्तू शोधून काढ. शेजारच्या बाजारातल्या माणसांनाही ती ठाऊक असेलच असे नाही.

स्वातंत्र्यानंतरचा भाग थोडक्यात सांगतो. किनारी वाहतूक भारतीय जहाजांसाठी राखली गेली, १९६१ मध्ये शिपिंग कॉर्पोरेशन स्थापन झाले, प्रशिक्षणासाठी १९२७ पासून ‘डफरिन’ ही नौका होतीच, आणि आपली मुले हळूहळू परदेशी कंपन्यांत अधिकारी झाली. युद्ध मात्र संपले नाही. इराण-इराक युद्धात आखातातल्या टँकरांवर हल्ले होत होते, त्यानंतर सोमाली चाचे आले. जानेवारी २०२४ मध्ये ‘मार्लिन लुआंडा’ या टँकरवर क्षेपणास्त्र आदळले तेव्हा त्यावर २२ भारतीय होते, आणि आग विझवायला भारतीय नौदलाची ‘विशाखापट्टणम’ ही युद्धनौका धावली.

बदलले ते कागद. सागरी कामगारांविषयीच्या आंतरराष्ट्रीय कराराला भारताने २०१५ मध्ये मान्यता दिली. त्यानुसार प्रत्येक नाविकाच्या हाती त्याच्या सहीचा नोकरीचा करार असावा लागतो, मालकाने जहाज वाऱ्यावर सोडल्यास घरी परतण्याचा खर्च आणि चार महिन्यांपर्यंतचा पगार विम्यातून मिळतो, आणि चाच्यांनी ओलीस धरले तरी पगार चालू राहतो. युद्धक्षेत्रात जाण्यास नकार देण्याचा आणि गेल्यास जादा वेतनाचा हक्क कामगार संघटनांशी करार असलेल्या जहाजांवर असतो, सर्वत्र नाही. म्हणून सही करण्यापूर्वी हे कलम आहे की नाही ते वाच, आणि समजले नाही तर मला पाठव.

सोलापुरात आणि पुण्यात ‘पैसे भरा, थेट जहाजावर पाठवतो’ म्हणणारे एजंट हिंडतात. जुन्या सारंगाचीच ही नवी आवृत्ती. भरती करणाऱ्या कंपनीकडे केंद्र सरकारच्या नौवहन महासंचालनालयाचा परवाना असावा लागतो आणि नोकरीसाठी उमेदवाराकडून पैसे घेण्यास तिला मनाई आहे. परवान्याचा क्रमांक मागून तो महासंचालनालयाच्या संकेतस्थळावर स्वतः ताडून पाहा. अभ्यासक्रम मान्यताप्राप्त आहे की नाही, हेही तिथेच कळेल.

सर्वांत आधी डोळे तपासून घे, कारण रंगांधळेपणा निघाला तर डेक अधिकाऱ्याची वाट बंद होते आणि मग प्रवेश परीक्षेच्या शुल्कापासून सगळाच खर्च वाया जातो. तो अहवाल आणि गुणपत्रिका घेऊन रविवारी सकाळी घरी ये. वडिलांनाही बरोबर आण. कराराचा एक नमुना माझ्याकडे आहे, तो आपण तिघे मिळून वाचू.

तुझा शुभचिंतक